गहाण-लहाण : घराची खरी किंमत

खेडच्या भरणे नाक्यावरून खाडीपट्ट्याकडे निघालो की जांभ्या दगडाची कौलारू घरे आणि त्यांच्या शेजारी उभे राहिलेले स्लॅबचे बंगले दिसू लागतात. पुष्कळ बंगल्यांना कुलूप असते. मालक कोणी मुंबईत, कोणी मुंब्र्यात, कोणी कुवेतला, कोणी दोह्याला. जगबुडीच्या काठावरल्या गावांतून माणसे बाहेर पडली ती मुळात घर चालवण्यासाठी. पुढे घर बांधण्यासाठी पडली. आता तर घराचे हप्ते फेडण्यासाठी बाहेर राहतात.

मागे एकदा ईदच्या सुट्टीत गावी गेलो असताना आमच्या एका वडीलधाऱ्या चाचांशी याच विषयावर बोलणे निघाले. उमेदीची सारी वर्षे त्यांनी आखातात घालवली. मुंब्र्याचा फ्लॅट त्यांनी कर्ज काढून घेतला आणि नोकरी संपण्याच्या सुमारास तो मोकळा झाला. आम्ही विचारले, "चाचा, घर कितीला पडलं?" त्यांनी खरेदीची किंमत चटकन सांगितली. हप्ता किती होता, कोणत्या तारखेला जात होता, हेही सांगितले. पण सगळे मिळून बँकेत किती भरले, असे विचारताच ते थबकले. म्हणाले, "त्याचा हिशेब कोण ठेवतो, बाबा? हप्ता गेला, महिना गेला."

चाचा हिशेबी माणूस आहेत. घरातल्या बाजारहाटाची चिठ्ठीसुद्धा ते जपून ठेवतात. तरीही आयुष्यातल्या सर्वांत मोठ्या खरेदीची एकूण रक्कम त्यांना ठाऊक नव्हती. आम्ही स्वतःला आणि आमच्या पिढीतल्या मित्रांनाही हाच प्रश्न विचारून पाहिला. हप्ता सर्वांना पाठ होता; बेरीज कोणालाच सांगता आली नाही. गहाण टाकलेल्या घराची खरी किंमत ऋणकोच्या डोळ्यांआड राहते, हे काही बँकांच्या काळातच सुरू झालेले नाही. त्याला इतिहास आहे आणि तो आपल्या कोकणाचाही आहे.

जुनी गहाणखते काय सांगतात

आपल्याकडे जुन्या पेट्यांतून जी कागदपत्रे निघतात, त्यांत गहाणाचे साधारण तीन प्रकार आढळतात. पहिले नजरगहाण. यात घर किंवा जमीन मालकाच्याच ताब्यात राहते, सावकाराची तिच्यावर फक्त नजर असते. दुसरे ताबेगहाण. यात मालमत्ता सावकाराच्या ताब्यात जाते आणि तिचे उत्पन्न तो व्याजापोटी खातो. तिसरा प्रकार सर्वांत कठीण. त्याला गहाण-लहाण म्हणत. मुदत खरेदी हे त्याचेच भावंड. ठरलेल्या मुदतीत पैसे परत केले तर ते गहाण, नाही केले तर तीच विक्री.

ताबेगहाणाचा हिशेब वरवर फार सोपा दिसे. समजा, एखाद्याने दोनशे रुपयांना आपली बाग सावकाराच्या ताब्यात दिली. व्याज म्हणून रोख काहीच द्यायचे नाही. ऋणकोला वाटे, व्याजातून तरी सुटलो. पण बागेचे आंबे, नारळ, सुपारी दरवर्षी सावकाराच्या घरी जात आणि मुद्दल जिथल्या तिथे राही. दहा वर्षांनीही दोनशे, वीस वर्षांनीही दोनशे. घरातला तरुण मुलगा जहाजावर खलाशी म्हणून चढे किंवा मुंबईच्या गोदीत लागे, मनीऑर्डरीतून पैसा पैसा साठवी, आणि मग बाग "सोडवली" जाई. तोवर बागेने सावकाराला किती दिले, ते कोणत्याही कागदावर लिहिलेले नसे. कागदावर आकडा एकच, दोनशे.

मुदत खरेदीत याहून मोठा धोका होता. अडचणीत सापडलेला माणूस मुदतीकडे आशेने पाहतो. 'पाच वर्षांत काय, सहज फेडू' असे त्याला वाटते. पाऊस दगा देतो, जहाजावरचे काम सुटते, घरात आजारपण येते आणि मुदत टळते. मग शेकड्यांच्या कर्जापोटी हजारोंची मालमत्ता जाते.

न्यायालयाने दिलेला आणि काढून घेतलेला आधार

मुंबई उच्च न्यायालयाची स्थापना १८६२ सालची. त्यानंतर दोनच वर्षांनी, १८६४ मध्ये, रामजी विरुद्ध चिंतो या खटल्यात या न्यायालयाने गहाण-लहाणाच्या अटीचा प्रश्न हाताळला. मुदत टळली म्हणून गहाणाची विक्री होत नाही, पैसे देऊन मालमत्ता सोडवण्याचा ऋणकोचा हक्क जिवंत राहतो, अशी भूमिका न्यायालयाने घेतली. एकदा जे गहाण, ते नेहमीच गहाण, हे इंग्लंडच्या न्यायालयांत रुळलेले तत्त्व अशा प्रकारे आपल्या गहाण-लहाणाला लागू झाले. लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने मद्रासकडील एका खटल्यात १८७० साली या विचाराविषयी नापसंती दाखवली, तरी मुंबईचे न्यायालय आपल्या वाटेनेच चालत राहिले. पुढे १८८२ चा मालमत्ता हस्तांतरण कायदा १ जानेवारी १८९३ पासून मुंबई इलाख्याला लागू झाला आणि सोडवणुकीच्या हक्काला कायद्याचे कलम मिळाले.

हा हक्क किती काळ टिके? जुन्या मुदत कायद्यांनुसार स्थावर मालमत्ता सोडवण्याचा दावा साठ वर्षांपर्यंत लावता येई. आजोबांनी गहाण टाकलेली बाग नातवाला सोडवता येत असे. १९६३ च्या मुदत कायद्याने ही मुदत तीस वर्षांवर आणली. ताबेगहाणाच्या बाबतीत मात्र सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली स्पष्ट केले, की गहाणाच्या तारखेपासून तीस वर्षे मोजून ऋणकोला दाराबाहेर काढता येणार नाही.

पण कायद्यातून पळवाटही निघते. गहाणाची अट विक्रीच्या कागदात न लिहिता, 'पैसे दिलेत की परत करू' असे वेगळ्या कागदावर लिहून देण्याची रीत होती. १९२९ च्या दुरुस्तीने असे ठरवले, की परत देण्याची अट त्याच दस्तात नसेल तर तो व्यवहार गहाण मानायचा नाही. तेव्हापासून दुसऱ्या कागदावरच्या शब्दावर विसंबणाऱ्याला घर सोडवण्याचा गहाणदाराचा हक्क सांगता येईना. ज्या घरांतून अक्षरओळख कमी होती, तिथे या एका वाक्याचे मोल केवढे असेल, याची कल्पना वाचकांनी करावी.

दामदुप्पट आणि मुसलमान ऋणको

आता आपल्या समाजाशी थेट संबंध असलेल्या एका गोष्टीकडे वळू. आपल्याकडे तिची फारशी चर्चा झालेली नाही.

हिंदू धर्मशास्त्रात दामदुप्पट नावाचा नियम आहे. एका वेळी वसूल करायचे थकलेले व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये. शंभर दिले असतील तर मुद्दल आणि थकलेले व्याज मिळून दोनशेच्या वर मागता येणार नाही. मुंबई इलाख्यातील इंग्रजी न्यायालये हा नियम पाळत. पण तो हिंदू कायद्याचा भाग मानला गेल्यामुळे एकोणिसाव्या शतकातील निवाड्यांनी त्याची हद्द आखून टाकली. मूळ ऋणको हिंदू असेल तरच दामदुप्पट. ऋणको मुसलमान असेल, तर सावकार हिंदू असला तरी त्याला या नियमाचा आसरा नाही.

यावर कोणी म्हणेल, मुसलमानाला त्याची गरजच काय? त्याच्या धर्माने व्याजच निषिद्ध ठरवले आहे. पण न्यायालयांत तोही निषेध चालत नव्हता. १८५५ च्या २८ व्या कायद्याने व्याजावर मर्यादा घालणारे जुने कायदे रद्द केले होते. करारात व्याज लिहिलेले असेल तर दोन्ही पक्ष मुसलमान असले तरी न्यायालय ते देववीत असे. म्हणजे शेजारच्या हिंदू कुळाला त्याच्या शास्त्राने दिलेले कुंपण आपल्याला नाही आणि आपल्या शरीयतीने घातलेले कुंपण न्यायालयाला मान्य नाही. कोकणातला मुसलमान ऋणको असा दोन्हींच्या मधल्या उघड्या जागेत उभा होता.

१८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुपे येथून दख्खनचे दंगे पेटले. शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे जाळले. त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला आणि लिहिलेल्या रोख्यामागे जाऊन खरा हिशेब तपासण्याचा अधिकार न्यायालयांना मिळाला. ऋणको कोणत्या धर्माचा, असा भेद त्यात नव्हता. पण आरंभी तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांपुरताच होता. रत्नागिरी जिल्ह्यात रोखे जाळले गेले नव्हते आणि तो कायदाही आला नव्हता.

धर्माचा भेद न करणारे कुंपण यायला देश स्वतंत्र होण्याचा सुमार उजाडला. १९४६ च्या मुंबई सावकारी कायद्याने असे ठरवले, की मुद्दलाहून अधिक व्याजाचा हुकूमनामा न्यायालयाने देऊ नये. ऋणको हिंदू की मुसलमान, हा प्रश्नच मिटला. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी नियमन कायद्यातही हे तत्त्व कायम आहे. तथापि, एक गोष्ट लक्षात ठेवली पाहिजे. हे कायदे सावकारांसाठी आहेत. बँकेच्या कर्जाला ते लागू होत नाहीत.

रहन, बैअ बिल वफा आणि नावांचा खेळ

तारण ठेवून कर्ज घेणे इस्लामला अमान्य नाही. पैगंबर साहेबांनी आपले चिलखत एका यहुद्याकडे ठेवून धान्य उधार घेतल्याची नोंद हदीसमध्ये आहे. कुरआनच्या सूरह बकराहमध्ये, २८२ व्या आयतीत, उधारीचा व्यवहार मुदतीसह लिहून ठेवण्याची आणि साक्षीदार घेण्याची सविस्तर सूचना आहे, तर पुढच्याच आयतीत तारणाचा उल्लेख आहे. त्याआधी २८० व्या आयतीत अडचणीतल्या ऋणकोला सवड देण्यास सांगितले आहे. निषेध आहे तो मुदतीच्या मोबदल्यात वाढत जाणाऱ्या रकमेचा.

हा निषेध पाळायचा आणि पैशाची गरजही भागवायची, या पेचातून मध्य आशियातल्या मुसलमान व्यापाऱ्यांनी आणि फकीहांनी 'बैअ बिल वफा' नावाची तोड काढली. कागदावर विक्री, पण पैसे परत मिळताच माल परत देण्याचे वचन. तोवर खरेदीदाराने मालमत्तेचे उत्पन्न उपभोगायचे. उस्मानी साम्राज्याने एकोणिसाव्या शतकात तयार केलेल्या 'मजल्ला' या संहितेत या व्यवहाराला जागा मिळाली. बंगालमध्ये तो इतका रुळला होता, की १८०६ साली कंपनी सरकारला त्यासाठी खास रेग्युलेशन करावे लागले.

बैअ बिल वफा आणि कोकणातली मुदत खरेदी शेजारी ठेवून पाहा. नाव वेगळे, भाषा वेगळी, पण आतला हिशेब तोच. ऋणकोने मुदतीची किंमत मोजायची, फक्त तिला व्याज म्हणायचे नाही. आम्हाला यात कोणाच्या नियतीवर बोट ठेवायचे नाही. इतकेच नोंदवायचे आहे, की नाव बदलल्याने बेरीज बदलत नाही. इंग्रजीत गहाणाला जो 'मॉर्गेज' शब्द आहे, त्याचा जुन्या फ्रेंचमधला अर्थच मुळी 'मृत तारण' असा होतो.

हप्त्याचे युग आणि हप्त्याचे गणित

१९४९ च्या कायद्याने खोती गेली. पुढे १९७३ नंतर तेलाचे भाव वाढले आणि आखाताची दारे उघडली. खाडीपट्ट्यातल्या घरांत पैसा आला. त्याच सुमारास, १९७७ मध्ये, हसमुखभाई पारेख यांनी मुंबईत गृहकर्जासाठी एचडीएफसी ही संस्था उभारली. १ जुलै २०२३ रोजी ती तिच्याच नावाच्या बँकेत विलीन झाली. १९८८ मध्ये राष्ट्रीय गृहनिर्माण बँक स्थापन झाली. पगारदार माणसाला पंधरा-वीस वर्षांच्या मुदतीने कर्ज मिळू लागले. याचे मोल कमी लेखता येणार नाही. सावकाराच्या ओटीवर न जाता, बाग न गमावता, राहते घर घेता येऊ लागले.

पण या कर्जाचा हिशेब प्रत्येकाने एकदा तरी हाताने करून पाहावा. आम्ही केला, तो असा.

समजा, दहा लाखांचे कर्ज, व्याज वर्षाला ९ टक्के, घटत्या शिलकीवर, मुदत २० वर्षे. महिन्याचा हप्ता येतो सुमारे ८,९९७ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज होते सुमारे २१ लाख ५९ हजार. म्हणजे मुद्दल दहा लाख, व्याज साडेअकरा लाखांहून अधिक. दामदुप्पट हा नियम थकलेल्या व्याजापुरता होता, दरमहा फेडत गेलेल्या व्याजाला तो जुन्या काळीही लागला नसता, हे खरे. तरीही मापदंड म्हणून पाहिले तर ही रक्कम दुपटीच्या पलीकडे जाते.

पहिल्या हप्त्यातले ७,५०० रुपये निव्वळ व्याजात जातात, मुद्दलात जमा होतात जेमतेम दीड हजार. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, आपण सुमारे १० लाख ८० हजार भरलेले असतात आणि तरीही ७ लाख १० हजार बाकी असतात. निम्मे मुद्दल फिटायला चौदा वर्षे लागतात. आखातातली नोकरी बारा वर्षांत सुटली, तर घराचा मोठा हिस्सा अजून बँकेचाच असतो. ताबेगहाणातल्या बागेची आठवण यावी असेच हे आहे. आरंभीची फळे धनकोकडे जातात.

आता मुदत बदलून पाहू. तेच दहा लाख, तोच दर. दहा वर्षांत फेडले तर हप्ता १२,६६८ आणि एकूण व्याज सुमारे ५ लाख २० हजार. पंधरा वर्षांत हप्ता १०,१४३ आणि व्याज सुमारे ८ लाख २६ हजार. तीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ८,०४६ आणि व्याज जवळपास १९ लाख. वीसची तीस वर्षे केल्याने महिन्याला वाचतात साडेनऊशे रुपये आणि शेवटी जादा जातात सात लाखांहून अधिक. दर एका टक्क्याने कमी मिळावा म्हणून आपण चार बँकांचे उंबरे झिजवतो, मुदत मात्र बँकेचा माणूस सांगेल ती घेतो. खरी किंमत मुदतीत दडलेली असते. गहाण-लहाणाच्या काळीही ती तिथेच होती.

आणखी एक फसगत 'सरसकट' दराची. ९ टक्के सरसकट, म्हणजे सगळी मुदत मूळ रकमेवरच व्याज. दहा वर्षांसाठी दहा लाखांवर नऊ लाख व्याज आणि हप्ता १५,८३३. घटत्या शिलकीच्या भाषेत हा दर सुमारे साडेचौदा टक्के पडतो. आकडा एकच, अर्थ दोन.

साठ वर्षे ते साठ दिवस

बदलत्या दराच्या कर्जात ठरलेला हप्ताही ठरलेला राहत नाही. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने आपला रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर नेला. समजा, त्याआधी नुकतेच कोणी ७ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी दहा लाख घेतले असतील, तर हप्ता ७,७५३ रुपये. दर साडेनऊ टक्के झाल्यावर दहा लाखांचे एका महिन्याचे नुसते व्याजच ७,९१७ रुपये होते. जुन्या हप्त्यात व्याजही भागत नाही. मग बँका हप्ता वाढवतात किंवा मुदत लांबवतात. मुदत लांबली की ऋणकोला काही जाणवत नाही, कारण हप्ता तोच असतो. निवृत्तीचे वय मात्र आधी येते आणि कर्जाचा शेवट नंतर. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये बँकांना बजावले, की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, याची निवड ऋणकोला द्यावी. ही निवड आपल्याला आहे, हे अनेकांना माहीत नसते.

हप्ते थकले तर? जुन्या कायद्याने नातवापर्यंत दिलेली साठ वर्षांची सवड आपण वर पाहिली. २००२ च्या सरफेसी कायद्याखाली, हप्ता नव्वद दिवस थकून कर्ज बुडीत वर्गात गेले, की बँक साठ दिवसांची नोटीस देते आणि त्यानंतर दिवाणी दावा न लावता घराचा ताबा घेण्याची कारवाई करू शकते. २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची जाहीर सूचना प्रसिद्ध होईपर्यंतच पैसे भरून घर सोडवता येते. सर्वोच्च न्यायालयाने २०२३ साली हाच अर्थ कायम केला. बँकेत लोकांच्या ठेवी असतात, वसुली हवीच, हे मान्य. पण घर गहाण टाकणाऱ्याने हा फरक ध्यानात ठेवूनच सही करावी.

आपत्तीही हप्ता थांबवीत नाही. २००५ च्या आणि २०२१ च्या जुलैतल्या पुरांत जगबुडीचे पाणी खेडच्या बाजारपेठेत शिरले, हे आपण पाहिले आहे. भिंत पडली तरी कर्ज उभेच राहते. म्हणून घराच्या विम्याचा खर्च हा घराच्या किमतीतच धरला पाहिजे. मुद्रांक शुल्क, नोंदणी, प्रक्रिया शुल्क, घरपट्टी, कौले किंवा स्लॅबची डागडुजी, हेही त्याच बेरजेत आले.

बिनव्याजी वाट

आपल्यातले पुष्कळजण विचारतात, बिनव्याजी बँक असती तर? २००८ साली रघुराम राजन समितीने आपल्या अहवालात बिनव्याजी बँकव्यवहारांची शिफारस केली होती. त्यावर पुढे विचार झाला, पण २०१७ मध्ये माहिती अधिकारातील एका उत्तरात रिझर्व्ह बँकेने हा प्रस्ताव पुढे न नेण्याचे ठरवल्याचे सांगितले. मलेशियात १९८३ पासून इस्लामी बँक आहे. ब्रिटनने २००३ साली अशा गृहखरेदीवर दोनदा बसणारे मुद्रांक शुल्क हटवले. या पद्धतीत बँक घर विकत घेते आणि नफा मिळवून ते ग्राहकाला हप्त्याने विकते, किंवा भागीदारीत घेऊन आपला हिस्सा हळूहळू ग्राहकाला देते.

पहिल्या प्रकारात एक गुण निश्चित आहे. एकूण किंमत पहिल्याच दिवशी ठरते आणि लिहिली जाते. पण ती किंमत बाजारातल्या व्याजदराकडे पाहूनच ठरत असेल, तर ऋणकोच्या खिशातून जाणारी रक्कम फार कमी होत नाही. बैअ बिल वफाचा धडा इथेही लागू पडतो. कोणता करार जायज आणि कोणता नाही, हे ठरवण्याचा अधिकार आमचा नाही. मात्र बेरीज करणे सर्वांनाच जायज आहे.

सही करण्यापूर्वी

ऑक्टोबर २०२४ पासून वैयक्तिक कर्ज देताना बँकांना एक तथ्यपत्रक द्यावे लागते. त्यात सर्व खर्च धरून पडणारा वार्षिक दर आणि हप्त्यांचा तक्ता असतो, आणि ते ऋणकोला समजणाऱ्या भाषेत असावे असा नियम आहे. ते मराठीत किंवा उर्दूत मागून घ्यावे आणि शेवटची बेरीज वाचावी. उधारी लिहून ठेवा, ही सूचना आपल्याला चौदा शतकांपूर्वी मिळालेली आहे. लिहिलेले वाचणे हा तिचाच अर्धा भाग नव्हे काय?

बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्यास बँकांनी दंड घेऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच ठरवले आहे. वरच्या वीस वर्षांच्या उदाहरणात दरवर्षी एकच हप्ता जादा भरला तर कर्ज सुमारे साडेतीन वर्षे आधी संपते आणि सव्वादोन लाखांहून अधिक वाचतात. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत मिळाली पाहिजेत. बँकेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला पाच हजार रुपये भरपाई, असा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

आणखी एक गोष्ट घरातल्या बायकांची आणि मुलींची. आपल्या वारसा कायद्यात मयताचे कर्ज आधी फेडायचे आणि उरलेल्यातून वाटे करायचे असतात. गहाण असलेले घर मागे ठेवून कोणी गेला, तर पत्नीचा आठवा हिस्सा आणि मुलींचे हिस्से कर्ज वजा झाल्यावरच हाती येतात. पुष्कळदा पत्नीची सही सहकर्जदार म्हणून घेतलेली असते आणि तिला कागदात काय आहे हेच ठाऊक नसते. मग नोटीस येते तीही तिच्या नावाने.

म्हणून आमची सूचना साधी आहे. गृहकर्जाच्या कागदावर सही करण्याच्या आदल्या रात्री तो कागद घरात सर्वांसमक्ष मोठ्याने वाचावा. मुदत किती, एकूण भरणा किती, कर्ज संपेल तेव्हा घरधन्याचे वय किती, हे तीन आकडे एका कागदावर लिहून पत्नीच्या आणि जाणत्या मुलांच्या हाती द्यावेत. आकडे ऐकूनही घर घ्यावेसे वाटले तर अवश्य घ्यावे. घर ही माणसाची गरजच आहे.

आम्ही चाचांना त्यांच्या फ्लॅटची बेरीज करून दिली. जुनी पासबुके त्यांनी जपून ठेवली होतीच. आकडा पाहून ते थोडा वेळ बोलले नाहीत. मग त्यांनी नातवाला हाक मारली. तो यंदा नोकरीला लागला आहे आणि पनवेलला फ्लॅट पाहतो आहे. कागद त्याच्या हाती देत ते म्हणाले, "आधी हे वाच. मग दलालाला फोन कर."